लाल, हिरवी आणि निळी पेन्सिल: लिन कॉनवे यांचा वर्ग

ज्यांना ऐकण्यापेक्षा वाचायला आवडतं त्यांच्यासाठी नेहमीप्रमाणे हा एपिसोडचा मजकूर. बोलताना आलेले ‘अं’ तेवढे काढलेत, बाकी जसं बोललो तसंच ठेवलंय.

तुमच्यापैकी कुणी इलेक्ट्रॉनिक्स किंवा ई अँड टीसीला असेल, तर व्हीएलएसआय नावाचा विषय वाट्याला आला असेलच. त्यात स्टिक डायग्राम काढायला लावतात. हिरवी रेघ म्हणजे डिफ्यूजन, लाल म्हणजे पॉलिसिलिकॉन, निळी म्हणजे मेटल. लाल रेघ हिरवीला ओलांडून गेली की तिथे ट्रान्झिस्टर झाला. मग येतात लॅम्ब्डा रूल्स. ही पट्टी दोन लॅम्ब्डा रुंद, ती तीन लॅम्ब्डा, मधलं अंतर इतके लॅम्ब्डा. परीक्षेला हमखास येणारा प्रश्न, त्यामुळे पाठ करायचा आणि मार्क घेऊन मोकळं व्हायचं.

हे रंग आणि हे लॅम्ब्डा जगभरच्या कॉलेजांत एका पुस्तकामुळे पोचले. ‘इंट्रोडक्शन टू व्हीएलएसआय सिस्टीम्स’, प्रकाशन १९८०, लेखक दोन: कार्व्हर मीड आणि लिन कॉनवे. पुस्तकाला सगळे ‘मीड अँड कॉनवे’ म्हणतात. यातले मीड म्हणजे कॅलटेकचे नावाजलेले प्राध्यापक. आणि कॉनवे? बरीच वर्षं अनेकांचा समज असा होता की या मीड यांच्या मदतनीस असाव्यात, लिखाणाला वगैरे हातभार लावला असेल. आजचा एपिसोड या कॉनवे मॅडमवर आहे.

सुरुवातीलाच एक गोष्ट स्पष्ट करतो. लिन कॉनवे ट्रान्स स्त्री होत्या. म्हणजे जन्मल्यावर त्यांची नोंद मुलगा म्हणून झाली आणि तिशीत त्यांनी वैद्यकीय उपचार घेऊन स्त्री म्हणून आयुष्य सुरू केलं. इंग्रजीत या माणसाबद्दल चार वाक्यं लिंगाचा उल्लेख न करता बोलता येतात. मराठीत ती सोय नाही, आपलं क्रियापदच विचारतं, गेला की गेली? मी सगळीकडे ‘त्या’ म्हणणार आहे, अगदी लहानपणापासून. त्यांचं जुनं नावही सांगणार नाही. गोष्ट समजायला त्याची गरज पडत नाही.

तर लिन कॉनवे यांचा जन्म २ जानेवारी १९३८चा, न्यूयॉर्क राज्यातला. हुशार, गणित-विज्ञानात पुढे. १९५५ साली एमआयटीला प्रवेश मिळाला. म्हणजे आपल्याकडे आयआयटीला नंबर लागल्यावर गल्लीत पेढे वाटतात त्यातला प्रकार. पण आपण मुलगी आहोत ही आतली जाणीव गप्प बसू देत नव्हती. त्या काळात अमेरिकेत याबद्दल माहिती नाही, मदत करणारे डॉक्टर जवळजवळ नाहीत. त्यांनी तेव्हाच बदलाचा प्रयत्न करून पाहिला, तो फसला, आणि एमआयटीचं शिक्षण अर्धवट सुटलं. काही वर्षं इलेक्ट्रॉनिक्स टेक्निशियन म्हणून काम केलं. मग कोलंबिया विद्यापीठातून इंजिनिअरिंगची पदवी आणि पदव्युत्तर पदवी, १९६२ आणि १९६३ मध्ये. लग्न झालं, दोन मुली झाल्या. १९६४ साली आयबीएमच्या रिसर्च विभागात नोकरी लागली.

आयबीएममध्ये त्यांना एका मोठ्या प्रकल्पावर घेतलं, नाव ‘अॅडव्हान्स्ड कम्प्युटिंग सिस्टीम्स’. जगातला सगळ्यात वेगवान कॉम्प्युटर बनवायचा, हा उद्देश. टीममध्ये जॉन कॉक आणि फ्रॅन ॲलन यांच्यासारखे लोक, दोघांनाही पुढे ट्युरिंग पुरस्कार मिळाला. इथे कॉनवे यांनी एक कल्पना मांडली, तिचं नाव डायनॅमिक इन्स्ट्रक्शन शेड्युलिंग. नाव जड आहे, गोष्ट सोपी आहे. झेरॉक्सच्या दुकानात तुम्ही रांगेत उभे आहात. पुढच्या माणसाला दोनशे पानांचा रिपोर्ट स्पायरल बाइंडिंग करून हवाय, आणि तुम्हाला आधार कार्डाची एक कॉपी. चांगला दुकानदार काय करतो? मोठं काम मशीनला लावतो आणि तेवढ्यात दुसऱ्या मशीनवर तुमची कॉपी काढून देतो. रांगेचा क्रम मोडला, पण काम कुणाचंच बिघडलं नाही. प्रोसेसरमध्येही सूचना रांगेत येतात. एखादी सूचना मेमरीतून आकडा यायची वाट बघत थांबली असेल, तर मागच्या ज्या सूचनांचा तिच्याशी संबंध नाही त्या पुढे घ्यायच्या, एका वेळी अनेक घ्यायच्या. अवघड भाग हा, की कुणाचा कुणाशी संबंध आहे हे हार्डवेअरनं स्वतः, क्षणोक्षणी ओळखायचं. आज तुमच्या फोनमधला प्रोसेसर हेच तत्त्व वापरतो. ही कल्पना साठच्या दशकाच्या मध्यावरची आहे.

१९६८ मध्ये, तिशीच्या कॉनवे यांनी ठरवलं की आता उपचार घ्यायचे, आणि तसं कंपनीत सांगितलं. जवळच्या वरिष्ठांना सहानुभूती होती. पण गोष्ट अगदी वरपर्यंत गेली आणि आयबीएमनं त्यांना काढून टाकलं. लग्न मोडलं, मुलींना भेटता येईना. काम गेलं, आणि केलेलं कामही गेलं, कारण तो प्रकल्प कंपनीच्या गुप्त कागदपत्रांत बंद होता आणि पुढच्याच वर्षी तो रद्द झाला. ‘हे मी शोधलंय’ असं म्हणायची सोय उरली नाही. म्हणायचं तर आधी सांगावं लागणार, की तेव्हा मी कोण होते.

मला या माणसाच्या आयुष्यातला सगळ्यात चटका लावणारा भाग हाच वाटतो. नवीन नाव, नवीन ओळख, आणि रेझ्युमेवर आयबीएमची चार वर्षं लिहायची नाहीत. कॅलिफोर्नियात त्यांनी कंत्राटी प्रोग्रामर म्हणून तळापासून सुरुवात केली. मग मेमोरेक्स कंपनीत कॉम्प्युटर आर्किटेक्ट. चांगलं काम केलं, नाव व्हायला लागलं, पण नवीन ओळखीतलंच नाव. मागचा प्रत्येक धागा कापलेला. चुकून कुणी जुना ओळखीचा भेटला तर सगळं पुन्हा जाईल, ही धास्ती पुढची तीस वर्षं त्यांनी सोबत बाळगली.

१९७३ साली त्या झेरॉक्सच्या पालो आल्टो संशोधन केंद्रात, म्हणजे पार्कमध्ये रुजू झाल्या. हो, तीच झेरॉक्स, जिच्या नावानं आपण अख्ख्या महाराष्ट्रातल्या कॉपीच्या दुकानांना हाक मारतो. पार्क तेव्हा भन्नाट जागा होती. माऊस आणि खिडक्या असलेला आल्टो कॉम्प्युटर, लेझर प्रिंटर, इथरनेट, सगळं तिथलं. आणि इथे त्यांची गाठ कॅलटेकच्या कार्व्हर मीड यांच्याशी पडली.

त्यांच्यापुढचा प्रश्न काय होता ते आधी समजून घेऊ. चिप कशी बनते? रांगोळीचे छापे असतात ना, भोकं पाडलेले, तसे मास्क असतात. सिलिकॉनच्या चकतीवर एकामागून एक मास्क ठेवून थरावर थर उमटवतात. सत्तरच्या दशकात मास्कवर काय काढायचं हे फक्त चिप बनवणाऱ्या कंपन्यांच्या आतल्या मोजक्या माणसांना कळायचं. प्रत्येक कारखान्याचे नियम वेगळे. कुठली रेघ किती मायक्रॉन, कुठे किती जागा सोडायची, याची पानंच्या पानं. तंत्रज्ञान सुधारलं आणि रेघा बारीक झाल्या की नियम पुन्हा नवे, डिझाईन पुन्हा पहिल्यापासून. कॉम्प्युटर कसा असावा हे ज्यांना कळायचं त्यांना चिप काढता येत नव्हती, आणि ज्यांना चिप काढता यायची ते कॉम्प्युटरचे आर्किटेक्ट नव्हते. विद्यापीठातला विद्यार्थी तर या सगळ्याच्या बाहेर.

१९७७ मध्ये कॉनवे यांनी हे सगळं एका अक्षरात बसवलं. मायक्रॉन सोडून द्या. एक माप धरा, त्याला लॅम्ब्डा म्हणा. सगळे नियम लॅम्ब्डाच्या पटीत लिहा: पॉलिसिलिकॉनची रेघ किमान दोन लॅम्ब्डा, मेटलची तीन. उद्या कारखाना सुधारला, तर लॅम्ब्डा छोटा होईल, तुमचं चित्र तेच राहील. डझनावारी पानांचं नियमांचं बाड जवळपास एका पानावर आलं. शिंप्याचं उदाहरण घ्या. कापण्याचा नमुना इंचात न देता ‘छातीच्या मापाचा चौथा हिस्सा’ असा दिला, की तोच नमुना लहान-मोठ्या कुणालाही लागू होतो.

याला किंमत होती. सगळ्या कारखान्यांना चालतील असे नियम म्हणजे थोडे सैल नियम, थोडी जागा वाया. उद्योगातल्या जाणकारांनी नाकं मुरडली, आणि त्यांच्या बाजूनं ते चूकही नव्हते. आजच्या बारीक चिप्सना तर लॅम्ब्डा रूल्स लागूच पडत नाहीत, खऱ्या फाउंड्रीचे नियम पुन्हा हजारोंच्या घरात गेलेत. पण कॉनवे सिलिकॉनची जागा वाचवायला निघाल्याच नव्हत्या. त्यांना एक असा विषय हवा होता जो एका सेमिस्टरमध्ये शिकवता येईल.

मग पुस्तक. पार्कमध्ये आल्टो आणि लेझर प्रिंटर हाताशी होते, त्यामुळे कच्चा खर्डासुद्धा छापील क्रमिक पुस्तकासारखा देखणा निघायचा. कॉनवे यांनी पुढे स्वतःच लिहून ठेवलंय की हा मुद्दाम केलेला डाव होता. पद्धत नवी होती, अजून कुणी मान्य केलेली नव्हती, पण ती शोधनिबंधात मांडली असती तर वाद घालत वर्षं गेली असती. क्रमिक पुस्तकासारखी दिसली की लोक ती प्रस्थापित विद्या म्हणून शिकायला बसतात. मला हे वाचून मनापासून हसू आलं. १९७७ च्या शरदात पहिली तीन प्रकरणं कॅलटेक आणि बर्कलीच्या वर्गांत वापरूनही झाली. काय कळत नाही, कुठे मुलं अडकतात, ते बघून पुढचं लिहिलं गेलं.

आणि मग एमआयटीचं बोलावणं आलं. १९७८ च्या शरद सत्रात पाहुण्या प्राध्यापक म्हणून येऊन हा विषय शिकवा. विचार करा. ज्या एमआयटीतून वीस वर्षांपूर्वी सगळं मोडून बाहेर पडाव्या लागलेल्या, तिथेच आता प्राध्यापक म्हणून जायचं, आणि मागचं एक अक्षर कुणाला कळू द्यायचं नाही. शिवाय स्वभाव लाजरा, बोलायची भीती. त्यांनी प्रत्येक लेक्चरची टिपणं इतकी बारकाईनं तयार केली की तास कधी रिकामा जाणार नाही. मला विचाराल तर त्या भीतीचाच जगाला फायदा झाला, कारण हीच टिपणं नंतर इतर विद्यापीठांतल्या शिक्षकांसाठी मार्गदर्शक पुस्तिका बनली. जो शिक्षक स्वतः कधी चिप डिझाईन शिकला नव्हता, तोही ती उघडून वर्ग घेऊ शकत होता.

सत्राचा पहिला अर्धा भाग शिकवणं, दुसरा अर्धा प्रोजेक्ट. पण प्रोजेक्ट कागदावर नाही. मुलांनी काढलेली डिझाईनं एका फाईलमध्ये एकत्र केली, अर्पानेटवरून, म्हणजे इंटरनेटच्या पूर्वजावरून, मॅसॅच्युसेट्समधून थेट कॅलिफोर्नियात पार्कला पाठवली. तिथून मास्क बनवून घेतले, आणि ह्यूलेट-पॅकार्डच्या प्रयोगशाळेत चिप्स तयार झाल्या. जानेवारी १९७९ मध्ये मुलांच्या हातात स्वतःच्या चिप्स आल्या. या वर्गात गाय स्टील नावाचा विद्यार्थी होता, त्यानं लिस्प भाषा चालवणारा अख्खा प्रोसेसर काढला होता. आज प्रोग्रामिंग भाषांच्या जगात हे नाव मोठं आहे. सत्राच्या सुरुवातीला ज्यांना चिप आतून कशी दिसते हे माहीत नव्हतं, त्यांनी सत्र संपेपर्यंत ती डिझाईन केलेली.

खर्च परवडला कसा? व्हिजिटिंग कार्ड छापणारा प्रेसवाला एका मोठ्या शीटवर दहा गिऱ्हाइकांची कार्डं एकत्र लावतो आणि नंतर कापतो. शीटचा खर्च दहा जणांत वाटला जातो. इथेही तेच, एका सिलिकॉनच्या चकतीवर अनेकांची डिझाईनं. एकत्र छपाईची कल्पना आधीपासून होती. नवीन होतं ते प्रमाण, आणि नेटवर्क. पुढच्याच वर्षी, १९७९ मध्ये, कॉनवे आणि पार्कच्या टीमनं हेच डझनभर विद्यापीठांसाठी केलं. त्याला नाव दिलं एमपीसी ७९. १२४ जणांची ८२ डिझाईनं. ठरलेल्या तारखेपर्यंत फाईल नेटवर्कवरून पाठवायची, महिन्याच्या आत पॅक केलेली चिप परत. यातच स्टॅनफर्डच्या जिम क्लार्क यांच्या ‘जॉमेट्री इंजिन’चाही एक टप्पा होता. त्रिमितीय चित्रं भराभर काढणारी ही चिप, आणि तिच्यातून सिलिकॉन ग्राफिक्स ही कंपनी उभी राहिली. मोबाईलवर गेम खेळताना हे आठवलं तर बघा.

१९८१ पासून ही सेवा मोसिस या नावानं कायमची सुरू झाली. १९८२-८३ पर्यंत शंभरहून जास्त विद्यापीठांत मीड-कॉनवे पद्धतीचे वर्ग चालत होते. डिझाईन एकानं करायचं आणि कारखाना दुसऱ्याचा, हा आज चिप उद्योगाचा पायाच आहे, त्याची घडी या वर्गांनी घालून दिली. आपल्याकडे आत्ता विद्यार्थ्यांची डिझाईनं गोळा करून मोहालीच्या सेमीकंडक्टर लॅबोरेटरीत छापून देतात ना, तो थेट याच घराण्यातला प्रकार.

पुढचं भराभर सांगतो. १९८३ मध्ये त्या अमेरिकेच्या संरक्षण संशोधन संस्थेत, डार्पात गेल्या. १९८५ मध्ये मिशिगन विद्यापीठात प्राध्यापक आणि इंजिनिअरिंगच्या सहअधिष्ठाता. १९८९ मध्ये नॅशनल अकॅडमी ऑफ इंजिनिअरिंगच्या सदस्य. तिथेच कयाकिंग आणि कनूची आवड असलेले चार्ल्स रॉजर्स भेटले, पुढे दोघांनी लग्न केलं. १९९८ मध्ये निवृत्ती.

आणि नेमक्या त्याच सुमाराला मार्क स्मदरमन नावाचे एक प्राध्यापक आयबीएमच्या त्या जुन्या, रद्द झालेल्या प्रकल्पाचा इतिहास खणायला लागले. कुणाकडे काही कागद आहेत का, असं विचारत होते. कागद होते. कॉनवे यांनी ते तीस वर्षं जपून ठेवले होते. आता दोनच वाटा होत्या. गप्प बसायचं, म्हणजे ते काम कायमचं निनावी राहणार. किंवा बोलायचं, म्हणजे आधी सांगावं लागणार की त्या टीममधला तो ‘गायब झालेला’ माणूस मीच. त्यांनी बोलायचं ठरवलं. सहकाऱ्यांना सांगितलं, स्वतःच्या वेबसाईटवर सगळं लिहिलं. जगभरातल्या ट्रान्स व्यक्तींसाठी ती वेबसाईट मोठा आधार ठरली, कारण तिथे पहिल्यांदा अनेकांना दिसलं की बदलानंतरही करिअर होऊ शकतं, प्राध्यापक होता येतं, संसार होऊ शकतो.

पण व्हीएलएसआयच्या श्रेयाचं काय? तिथे तर त्या स्वतःच्या नावानं, उघडपणे काम करत होत्या. १९८१ मध्ये ‘इलेक्ट्रॉनिक्स’ मासिकाचा पुरस्कार दोघांना मिळून मिळाला होता. नंतर हळूहळू कॉनवे गळत गेल्या. मीड यांना २००२ मध्ये अमेरिकेचं राष्ट्रीय तंत्रज्ञान पदक. २००९ मध्ये नॅशनल इन्व्हेंटर्स हॉल ऑफ फेममध्येही मीड, कॉनवे नाहीत. मीड मोठेच शास्त्रज्ञ आहेत, त्यांच्या योग्यतेबद्दल वाद नाही. पण दोन नावांपैकी एक सहज आठवतं आणि दुसरं सहज विसरतं, ते का? कॉनवे यांनी २०१८ मध्ये यावर एक लेख लिहिला. त्यांचं म्हणणं असं की शोध कोण लावतं याचं एक चित्र लोकांच्या डोक्यात आधीच असतं, आणि त्या चित्रात न बसणारी माणसं समोर असूनही दिसत नाहीत. कुणी कट करत नाही. याला त्यांनी ‘कॉनवे इफेक्ट’ म्हटलं. मी यात एक भर घालेन. त्यांचं सगळ्यात मोठं काम शिकवण्याचं होतं, नियम सोपे करणं, पुस्तिका लिहिणं, वर्ग उभे करणं. आणि शिकवण्याला शोध मानायची आपल्याला सवयच नाही.

२०२० मध्ये आयबीएमनं ऑनलाईन कार्यक्रमात त्यांची जाहीर माफी मागितली आणि जीवनगौरव दिला. काढून टाकल्याला ५२ वर्षं झाली होती. इन्व्हेंटर्स हॉल ऑफ फेमनं २०२३ मध्ये त्यांना घेतलं, मीड यांच्यानंतर चौदा वर्षांनी. तेव्हा त्या ८५ वर्षांच्या होत्या. पुढच्या वर्षी, ९ जून २०२४ रोजी, मिशिगनमध्ये त्यांचं निधन झालं.

त्यांनी ‘व्हीएलएसआय क्रांतीच्या आठवणी’ अशा अर्थाच्या शीर्षकाचा एक मोठा लेख २०१२ मध्ये इंग्रजीत लिहिलाय. इंजिनिअरिंगला असाल तर जरूर वाचा, नसाल तरी एमआयटीच्या सत्राचा भाग तेवढा वाचा. भेटू पुढच्या भागात.